गल्ली तीच होती

कौसाबाई भिंतीला टेकून कधी बसल्या नाहीत. आमच्या मेसच्या ओट्यावर बाकीच्या तिघी पाठ टेकून पाय लांब करायच्या. कौसाबाई मात्र पार कडेला, रस्त्याकडे तोंड करून बसायच्या. कामावर नजर राहावी म्हणून तसं बसत असतील, असं मला वाटायचं. खरं कारण कळायला पुढं बरेच दिवस गेले.

लातुरात क्लासेसचं पेव फुटलं होतं तो काळ. उदगीर, भोकर, देगलूर, पार बिदरकडून पोरं यायची. आमच्या गल्लीत ज्याच्या घराला दोन खोल्या होत्या त्यानं वर चार बांधल्या आणि भाड्यानं दिल्या. मी आणि आमचे हे नांदेड सोडून तिथं गेलो आणि मेस टाकली. पोरं वाढली तसा कचरा वाढला. चाचणीचे पेपर, दुधाच्या पिशव्या, चहाचे कप, केळीची सालं. गल्ली झाडायला चार बायका होत्या. कौसाबाई, उदगीरची मुमताज आणि आणखी दोघी. काम उरकलं की त्या आमच्या ओट्यावर चहाला थांबायच्या. कौसाबाईंचा पेला घरून आणलेला असायचा. का, ते मी विचारलं नाही आणि त्यांनीही सांगितलं नाही.

अंगानं बारीक, पदर नाकावरून आवळून बांधलेला, चालणं झपझप. दारापुढच्या रांगोळीला त्यांचा खराटा कधी लागला नाही. वळसा घालून जायच्या. गल्ली झाडून झाली की खराटा बाजूला ठेवून, रिकाम्या हातानं टोकापासून टोकापर्यंत एकदा चालत यायच्या. कुठं काही राहिलं असलं तर ते हातानं उचलायच्या. क्लासच्या प्रत्येक पोराला त्या ‘डाक्टर’ म्हणायच्या. एकदा वरच्या मजल्यावरून कुणीतरी साल टाकलं, ते त्यांच्या खांद्यावर पडलं. त्यांनी वर बघितलं आणि शांतपणे म्हणाल्या, “डाक्टर, उद्या दवाखान्यात माणसं बघशील. आज खाली माणूस हाय का तेवढं बघ.”

मुमताज शेजारून म्हणाली, “सब डाक्टर हो गये तो बीमार कौन पडेगा, कौसा?”

मुमताजचं हे असं. उदगीरच्या कापडाच्या बाजारात तिच्या सासऱ्याचं शिवणकामाचं दुकान होतं. ते बुडालं, नवरा आधीच वारलेला, म्हणून ती लेकीला घेऊन लातूरला आली. तोंडानं फटकळ, मनानं मोकळी. ‘आप-बिप नक्को बोलो भाभी, पाठ दुखती’ म्हणायची. कौसाबाई हसताना दिसायच्या त्या मुमताजमुळेच.

एका दुपारी गल्लीतून विटांनी भरलेला ट्रक गेला. फळीवरची ताटं खणखणली. मी बाहेर बघते तर कौसाबाई ओट्यावरून उठून भर रस्त्यात उभ्या. ट्रक पुढं निघून गेला तरी त्या हलल्या नाहीत. मुमताजनं जाऊन त्यांचा हात धरला आणि परत आणून बसवलं. त्या दिवशी त्यांनी मला सांगितलं. पुन्हा तो विषय त्यांनी माझ्याजवळ काढला नाही.

त्यांचं माहेर किल्लारीच्या बाजूचं. बाप जन्मभर लोकांच्या दगडी भिंती रचायला जायचा. म्हातारपणी त्यानं हट्टानं वस्तीत स्वतःचं दगडी घर बांधलं.

“पाटलासारखी भिंत पायजे म्हणला,” कौसाबाई म्हणाल्या. “आजूबाजूला सगळ्यांची कुडाची खोपटं. भूकंपात खोपटं हालली अन् उभी राहिली. आमचं घर पडलं. आई, बाप, भाऊ, भावजय, लेकरं. दगडाखाली.”

त्या तेव्हा लातुरात होत्या, नवऱ्याकडे. नवरा सोपान हा सफाई खात्यात कायम कामगार. ढिगारे उपसायला कामगारांच्या गाड्या निघाल्या, त्यातल्या एका गाडीत त्याच्यासोबत याही चढल्या. त्या पोचल्या तोवर गावानं सगळ्यांना एकत्रच अग्नी दिला होता.

“माझं कुणी सापडलं न्हाई, वैनी. मग दुसऱ्याचं काढू लागले. तिथं कुणी इचारलं न्हाई, बाई तू कायम हाय का रोजंदारी. हात पायजे होते.”

परत आल्यावर मुकादमानं त्यांना रोजंदारीवर झाडायला घेतलं. पुढं रोजंदारी गेली आणि ठेका आला. ठेकेदार, साहेब, मुकादम, पगाराची खिडकी, या सगळ्याला मिळून बायका ‘आफिस’ म्हणायच्या. ‘आफिसानं सांगितलं’, ‘आफिस देत न्हाई’. आफिसाचा नियम असा की सोपानसारख्या कायम कामगाराला पगार तिप्पट, वर गणवेश, बूट, रजा, दवाखाना. ठेक्यातल्या बाईला यातलं काही नाही. “आमच्या घरात एक सरकारी खराटा अन् एक ठेक्याचा,” कौसाबाई म्हणायच्या. तेव्हा ते गमतीनं म्हणायच्या.

गंमत संपली ती मुमताजच्या हातामुळे. कुणीतरी फुटलेली ट्यूबलाइट वर्तमानपत्रात गुंडाळून कचऱ्यात टाकली होती. मुमताजनं ते पुडकं दाबून उचललं. तळहात चिरला, रक्त थांबेना. मी हळद दाबली, रिक्षा करून दवाखान्यात नेलं. टाके पडले. दुसऱ्या दिवशी फडकं बांधलेला हात छातीशी धरून ती हजर. नाही आली तर रोज बुडतो आणि दोनदा बुडाला तर ठेकेदार नाव काढतो. एका हातानं ती नुसता झाडल्याचा आव आणायची आणि कौसाबाई स्वतःच्या वाटणीचं झाडून तिच्याही वाटणीचं झाडायच्या.

त्याच आठवड्यात सोपानच्या पायात खिळा घुसला. त्याला पगारी रजा मिळाली, इंजेक्शन मिळालं.

“घरी त्याला बसल्या जागी भाकर देऊन येते,” कौसाबाई मला म्हणाल्या, “अन् इथं येऊन हिचा हात बघते. दोन्ही मीच बघून राहिले, वैनी. रगत दोघांचं कामावरच सांडलं ना?”

सोपान भला माणूस होता. वकिलाकडे या बायकांना पहिल्यांदा घेऊन गेला तो तोच. समान काम, समान पगार, असा अर्ज कोर्टात पडला. त्यावर पहिली सही कौसाबाईंची होती. वळणदार अक्षर काढायला त्यांना वेळ लागला, तेवढा वेळ बाकीच्या बायका दम धरून उभ्या होत्या, असं मुमताज सांगायची. “बारात में दुल्हन को भी इतना नहीं देखते.”

तारखा पडत राहिल्या. एका पावसाळ्यात चौकातलं गटार तुंबलं आणि सोपान त्यात उतरला. घरी आला तो तापानं फणफणून. मग डोळे पिवळे झाले. दवाखाना होता, रजा होती, औषधं होती, तरी तो गेला. दहाव्याला मी गेले होते. कौसाबाई दाराबाहेर अंगणात बसल्या होत्या. त्यांची लेक रेखा आत भाकऱ्या थापत होती. मी जवळ बसले, तर त्यांनी नुसता माझा हात घेतला आणि बराच वेळ सोडला नाही.

काही महिन्यांनी वारस म्हणून त्यांना सोपानच्या जागेवर घेतलं. साहेबांनी विचारलं, कुठली हद्द पाहिजे. त्या म्हणाल्या, माझी गल्ली हाय तीच द्या.

त्या सकाळी त्या गणवेशाची साडी नेसून आल्या. पायात बूट. नवे असल्यानं करकर वाजत होते. गल्ली तीच. खराटाही घरचा जुनाच, मुठीला चिंध्या बांधलेला. झाडून झाल्यावर मी चहा घेऊन बाहेर आले तर तिघी ओट्यावर बसलेल्या आणि कौसाबाई खाली उभ्या.

“बैठ ना,” मुमताज म्हणाली.

त्या बसल्या नाहीत. त्यांनी आपल्या अंगावरच्या साडीकडे बघितलं आणि कुणाकडेही न बघता म्हणाल्या, “माणूस मेलं, तवा माझा खराटा महाग झाला.”

बाकीच्या दोघी लवकर उठून गेल्या.

त्यानंतर ओट्यावरचं चित्र बदललं. त्या दोघी कौसाबाईंशी भांडल्या नाहीत, पण बोलणंही तुटलं. पगाराच्या दिवशी त्या वेगळ्या वाटेनं जायच्या. कौसाबाई आता गल्लीच्या दुसऱ्या टोकाकडून झाडायला सुरुवात करायच्या, म्हणजे चहाच्या वेळी त्या लांब असाव्यात. मुमताज आपला आणि त्यांचा असे दोन पेले घेऊन तिकडं चालत जायची. सांडत सांडत न्यायची. एकदा मी म्हटलं, अगं, त्यांना इकडं बोलाव. तर म्हणाली, “नहीं आती भाभी. शरम आती उसको. किस बात की, मेरे को भी नहीं मालूम.” मग म्हणाली, “झूठ नक्को बोलना. मेरे को भी जलन होती. उसका मर्द मरा, फिर भी होती.”

इतकं खरं बोलणारी बाई मी दुसरी पाहिली नाही.

अर्जातून कौसाबाईंचं नाव निघणार होतं. कायम झालेल्या बाईची आता तक्रार काय, असं वकील म्हणाला. कौसाबाईंनी ते ऐकून घेतलं आणि विचारलं, “मग मला साक्षीला उभं करता येतं का?”

ही गोष्ट आफिसात पोचायला वेळ लागला नाही. गंगाधर मुकादम आमच्या ओट्यावर येऊन बसला आणि त्यानं कौसाबाईंना बोलावून घेतलं. वाईट माणूस नव्हता. चहा पिऊन झाल्यावर म्हणाला, “कौसाबाई, नोकरी नवी हाय. रेखाचं लग्न व्हायचंय. सोपान्या असता तर त्यानं बी हेच सांगितलं असतं.”

“सोपानानंच वकील दाखवला, दादा.”

“सरकारी अन् ठेका, यात फरक राहणारच की. सगळीकडं हाय.”

कौसाबाईंनी खराटा भिंतीला उभा केला. मग म्हणाल्या, “भूकंपात आमच्या गावात मोठ्या घरचे बी मेले अन् आमच्या वस्तीतले बी मेले. मदत वाटली तवा सायबानं मढ्यामढ्यात फरक केला न्हाई. माझ्या बापाला बी तेवढंच लावलं. मेल्यावर सारखं धरता येतं, तर जितेपणी का न्हाई, एवढंच मला कुणीतरी सांगावं.”

मुकादमानं पेला खाली ठेवला. “मी सांगायचं काम केलं,” म्हणाला आणि सायकल घेऊन निघून गेला.

साक्षीच्या दिवशी मुमताजनं मला सोबत नेलं. कोर्टाची खोली लहान होती, पंखा आवाज करत होता. कौसाबाई मुद्दाम गणवेशातच आल्या होत्या. समोरचा वकील तरुण होता, बोलायला अदबीचा. त्यानं मुद्दा मांडला की कायम कामगार आणि ठेक्यातले कामगार यांचं काम वेगळं असतं.

“आधी ठेक्यात असताना काय काम करत होता?”

“गल्ली झाडत होते.”

“आणि आता?”

“तीच गल्ली झाडते.”

“आता जबाबदारी वाढली असेल. काम जास्त असेल.”

“न्हाई साहेब. आता वय झालं. आधीच जास्त करत होते.”

मागं कुणीतरी हसलं. वकील हसला नाही. त्यानं कागद खाली ठेवले आणि सावकाश विचारलं, “म्हणजे आज तुम्हाला मिळतो तो पगार कामाच्या मानानं जादा आहे, असं तुमचं म्हणणं आहे का?”

मुमताजनं माझं मनगट आवळलं. तिच्या तळव्यावरची टाक्यांची गाठ मला टोचली. हो म्हणाव्यात तर त्यांचाच पगार अडचणीत येणार, नाही म्हणाव्यात तर काम वेगळं असल्याचं कबूल होणार, एवढं मलाही कळत होतं.

कौसाबाईंनी पदर सारखा केला. “माझा जादा न्हाई,” त्या म्हणाल्या. “त्यांचा कमी हाय.”

न्यायाधीशांनी मान वर करून त्यांच्याकडे बघितलं आणि ते वाक्य लिहून घ्यायला सांगितलं.

बाहेर आल्यावर त्या दोघी बायका कौसाबाईंजवळ आल्या. एकीनं पिशवीतून पाण्याची बाटली काढून दिली. कौसाबाई प्यायल्या. बोलणं तेवढंच झालं, पण दुसऱ्या दिवशी चौघी ओट्यावर होत्या. ते सुख महिनाभरही टिकलं नाही. कौसाबाईंची बदली गावाबाहेरच्या कचरा डेपोवर झाली. शिक्षा असं कुणी म्हणालं नाही. ‘कामाची निकड’ म्हणाले. जाताना त्या एवढंच बोलल्या, “तिकडं भिंती तरी न्हाईत.”

डेपोवर त्यांची कितीतरी वर्षं गेली. रेखाचं लग्न त्यांनी तिथूनच केलं. धुरानं त्यांना खोकला लागला तो कायमचा. इकडं ठेकेदार बदलला. नव्या ठेकेदारानं आपल्या ओळखीच्या बायका आणल्या, तरण्या. मुमताज आणि त्या दोघींना एका सकाळी कळलं की आता यायची गरज नाही. मुमताज आमच्या ओट्यावर येऊन बसली. नेहमीप्रमाणं काहीतरी बोलेल म्हणून मी वाट बघत होते. ती नव्या बायकांचं झाडणं बघत राहिली. शेवटी म्हणाली, “कोपरा छोड दिये, देखो.” आणि उठून कोपरा झाडून आली. मग लग्न होऊन नांदेडला गेलेल्या लेकीकडे निघून गेली.

पुढं आमचे हे थकले, मेस बंद केली आणि आम्हीही नांदेडला परतलो. मुमताजची लेक शबाना देगलूर नाक्याच्या बाजूला राहायची. जावयाचं शिवणकामाचं छोटं दुकान. मी अधूनमधून जायची. मुमताज पार खंगली होती. श्वास पुरायचा नाही. तरी मला बघून उशीवर उठून बसायची आणि विचारायची, “कोर्ट का क्या हुआ, भाभी?” दरवेळी पहिला प्रश्न हाच.

एके दिवशी कौसाबाई लातूरहून आल्या, थेट माझ्या घरी. निवृत्त झाल्या होत्या. केस पिकले होते, चालणं मंदावलं होतं. दारातच म्हणाल्या, “निकाल लागला. बायांच्या बाजूनं लागला.” मी आनंदानं त्यांचे हात धरले, तर त्या पुढं म्हणाल्या, “आफिस वरच्या कोर्टात गेलं. निकाल थांबवलाय. वकील म्हणतो, आता कधी, सांगता येत न्हाई.”

आम्ही दोघी मुमताजकडे गेलो. कौसाबाईंना बघून ती कितीतरी दिवसांनी मोठ्यानं हसली आणि मग खोकत राहिली. शबानानं पाणी पाजलं. दम लागलेला असतानाच तिनं विचारलं, “क्या हुआ?”

“जिंकलो,” कौसाबाई म्हणाल्या.

“सच्ची?”

“हाव. सारखं करायला सांगितलं. तुझं बी, माझं बी. सारखं.”

“सब का?”

“सगळ्यांचं.”

मी कौसाबाईंच्या तोंडाकडे बघत होते. ज्या बाईनं नोकरी पणाला लावून कोर्टात एक शब्द इकडचा तिकडं केला नव्हता, ती डोळ्यात डोळे घालून खोटं बोलत होती आणि आवाजात कसलाही फरक नव्हता. मुमताजनं डोळे मिटले. “मैं परमनंट हुई,” ती हळूच म्हणाली. मग शबानाला सांगितलं की शेजारी सगळ्यांना चहा दे.

दोनच महिन्यांत ती गेली. तोवर मी भेटायला गेले की दरवेळी ती मला निकालाची गोष्ट पुन्हा सांगायला लावायची आणि मी कौसाबाईंनी सांगितली तशीच सांगायची.

चाळिसाव्याला कौसाबाई आल्या. जेवणं झाली, पाहुणे पांगले. शबाना आम्हाला सोडायला दारापर्यंत आली. कौसाबाईंनी चपला घातल्या आणि परत काढल्या.

“शबाना, एक सांगायचं राहिलं,” त्या म्हणाल्या. “तुझ्या आईचे पैसे येतील म्हणून वाट बघू नको. निकाल अडकलाय. मला तवाच ठावं होतं. मी तिच्याशी खोटं बोलले.”

शबानानं त्यांच्या चपला बाजूला सरकवल्या. मग म्हणाली, “मालूम था, मौसी. तुम आने के दो दिन पहले वकील का फोन आया था. मैं भी अम्मी को नहीं बोली.”

कौसाबाई उंबऱ्याशी उभ्या होत्या, त्या तिथंच खाली बसल्या. तोंडावर पदर घेतला. भूकंपाचं सांगताना, सोपान गेला तेव्हा, कचरा डेपोवर जाताना मी त्यांना रडताना पाहिलं नव्हतं. शबाना त्यांच्या शेजारी बसली आणि तिनं त्यांचं डोकं आपल्या खांद्यावर घेतलं.

बराच वेळ गेला. शेवटची लातूर गाडी चुकेल म्हणून मी पुढं जाऊन रिक्षा थांबवली आणि वळून बघितलं. दोघी तशाच बसल्या होत्या. शबाना काहीतरी बोलत होती आणि कौसाबाई मान हलवत होत्या. रिक्षावाल्यानं विचारलं, “चलना है क्या?”

मी त्याला म्हटलं, थांब जरा.